घरचा कारभार : दाव्याचे दोन अर्थ

ज्या घरांत तीन-चार पिढ्यांचा संसार एका उंबरठ्याआड चालतो, त्या घरांत पैशाविषयीं मोकळें बोलणें बहुधा दोनच प्रसंगीं होतें. एक लग्नकार्याच्या वेळीं, आणि दुसरें पैसा बुडाल्यावर. पहिल्या प्रसंगाची चर्चा माजघरांत सर्वांदेखत होते. दुसऱ्याची मात्र दाराआड, दबल्या आवाजांत होते, आणि त्यामुळेंच तींत चुका फार होतात. अशाच एका चुकीची, व ती थोडक्यांत कशी निभावली त्याची, हकीकत या महिन्यांत वाचकांपुढें ठेवण्याचें योजिलें आहे.

माझ्या निकटच्या परिचयाचें एक कुटुंब पुण्यांत आहे. नांवगांव सांगण्याचें प्रयोजन नाहीं. अशीं घरें अनेक आहेत, व कित्येक वाचकांस ही आपलीच कथा वाटेल. घरांत सर्वांत वडील म्हणजे कर्त्या पुरुषाच्या आत्याबाई. पतिनिधनानंतर त्या माहेरीं येऊन राहिल्या व शाळेंत शिकवून स्वतःच्या पायांवर उभ्या राहिल्या. निवृत्त होतांना हातीं आलेल्या रकमेपैकीं आठ लाख रुपये त्यांनीं एका कंपनींत मुदतठेव म्हणून ठेवले. बँकेपेक्षां तेथें दीड टक्का व्याज अधिक मिळत होतें, आणि ही वाट दाखविली होती धाकट्या पुतण्यानें. तीन वर्षें व्याज वेळच्या वेळीं आलें. मग एका तिमाहीचें आलें नाहीं, पत्रांस उत्तर येईना, आणि शेवटीं वर्तमानपत्रांत वाचावयास मिळालें कीं कंपनीच्या कर्जाची फेरमांडणी चालली आहे.

थोरल्या पुतण्यानें निश्चयानें सांगितलें, “आत्या, तूं मुळींच काळजी करूं नकोस. मी त्यांना कोर्टांत खेंचतों. एकदां हुकूमनामा हातीं आला कीं जप्ती, आणि जप्ती आली कीं पैसे मुकाट्यानें देतील.”

आत्याबाई म्हणाल्या, “अरे, मला कोणाशीं भांडावयाचें नाहीं. माझे पैसे माझ्या हयातींत मिळाले म्हणजे झालें.”

धाकटा तेथेंच होता. परंतु सल्ला त्याचाच असल्यामुळें त्यानें मान वर केली नाहीं. त्या दिवसापासून दोघां भावांचें बोलणें कामापुरतें उरलें.

वकिलाची नोटीस गेली, कोर्टफी भरली, दिवाणी न्यायालयांत दावा दाखल झाला. दुसऱ्याच तारखेस कंपनीच्या वकिलांनीं एक कागद पुढें केला. राष्ट्रीय कंपनी विधि न्यायाधिकरणानें कंपनीचें नादारीचें प्रकरण दाखल करून घेतलें होतें. सबब आत्याबाईंचा दावा जागच्या जागीं थांबला. थोरल्यास ही कंपनीची आणखी एक हुलकावणी वाटली. त्यानें वकील बदलला, वरच्या कोर्टांत जाण्याचा विचार चालविला, आणि त्या धांदलींत अडीच महिने निघून गेले.

घरची सूनबाई एका सनदी लेखापालाच्या कचेरींत काम करते. एके दिवशीं रात्रीं पानें वाढतां वाढतां तिनें विचारलें, “मामंजी, कोर्टाचें राहूं द्या, पण आत्याआजींचा दावा त्या नेमलेल्या अधिकाऱ्याकडे दाखल केला आहे ना?”

“अग, दावा तर केलाच आहे. तोच अडला आहे ना!”

“तो दावा नव्हे, मामंजी. हा निराळा.”

सर्व घोटाळा या एका शब्दाचा होता. आपल्या भाषेंत कोर्टांत लावतात तोही दावा, आणि ‘माझें इतकें येणें आहे’ असें पुराव्यानिशीं नोंदवितात तोही दावाच. कायद्यानें हे दोन्ही वेगळे मानिले आहेत. पहिला थांबला असतां दुसरा करावयाचा असतो, आणि पहिल्याच्या पाठीं लागून दुसऱ्याची मुदत चुकविली तर हातीं कांहींच राहत नाहीं. सूनबाईनें त्याच रात्रीं ठराविक नमुना भरला, ठेवीची पावती व बँकेचा उतारा जोडला, आणि तो ईमेलनें रवाना केला. मागाहून दिवस मोजले तेव्हां तो ८६ वा दिवस निघाला. नव्वद दिवसांची अखेरची सवलत संपण्यास चारच दिवस उरले होते.

आतां कायद्याची बाजू जरा सावकाशपणें पाहूं. कंपनीस कर्ज फेडवत नाहीं अशी वेळ आली म्हणजे तिच्यापुढें दोन वाटा असतात, आणि वर्तमानपत्रें दोहोंसही ‘फेरमांडणी’ हें एकच नांव देतात. पहिली वाट खासगी वाटाघाटींची. बँका व कंपनी एकत्र बसून हप्ते लांबवितात, व्याज उतरवितात, क्वचित् कर्जाचें भागभांडवलांत रूपांतर करतात. असा करार ज्यांनीं त्यावर सह्या केल्या त्यांनाच बांधतो. बाहेरच्या ठेवीदारास किंवा माल पुरविणाऱ्या व्यापाऱ्यास त्या अवधींत दिवाणी न्यायालयाचें दार उघडेंच असतें.

दुसरी वाट न्यायाधिकरणाची. नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ या कायद्यान्वयें प्रकरण दाखल होतांच कलम १४ प्रमाणें स्थगिती लागू होते. त्या क्षणापासून कंपनीवर नवा दावा लावतां येत नाहीं. चालू दावा पुढें सरकत नाहीं. हातीं हुकूमनामा असला तरी त्याची बजावणी होत नाहीं. आणि तारण घेतलेली मालमत्ताही धनकोस उचलून नेतां येत नाहीं. स्थगितीनंतर सुरू केलेली लवादाची कारवाई कायद्याच्या दृष्टीनें अस्तित्वांतच नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें २०१७ सालीं सांगितलें आहे. मग अशा वेळीं भरलेली कोर्टफी कोणत्या कामाची, हें वाचकांनींच ठरवावें.

“म्हणजे बुडविणाऱ्यालाच अभय!” असा उद्गार येथें सहज निघतो. परंतु एखाद्या पिठाच्या गिरणीचें उदाहरण घेऊन पाहा. गिरणीवाल्याकडे पांच जणांचें येणें आहे. सर्वांत आधीं हुकूमनामा आणणारानें मोटार नेली, दुसऱ्यानें दगडी जातीं नेलीं, तिसऱ्यानें छपराचे पत्रे उतरविले. प्रत्येकाच्या हातीं मोडीची किंमत आली, आणि उरलेल्या दोघांस रिकामी जागा पाहावी लागली. तीच गिरणी चालती ठेवून एखाद्या नव्या मालकास विकली असती, तर पांचांच्याही पदरीं अधिक पडतें. स्थगितीचा हेतु हा आहे. शिवाय तें अभय जुन्या मालकांस नाहीं. प्रकरण दाखल होतांच संचालक मंडळाचे अधिकार थांबतात, व न्यायाधिकरणानें नेमलेला अधिकारी, ज्यास ‘रेझोल्यूशन प्रोफेशनल’ म्हणतात, तो कारभार हातीं घेतो. १९८५ च्या आजारी उद्योगांच्या कायद्यांत ही मेख नव्हती. तेथें धनकोंचे दावे वर्षानुवर्षें अडून राहत, आणि जुनेच मालक खुर्चीवर बसून असत. तो कायदा १ डिसेंबर २०१६ पासून रद्द झाला.

धनकोनें मग करावयाचें काय? नेमलेला अधिकारी एक जाहीर सूचना प्रसिद्ध करतो. ती एका इंग्रजी व एका प्रादेशिक भाषेच्या वर्तमानपत्रांत येते. परंतु कंपनीची नोंदणीकृत कचेरी व मुख्य कारभार जेथें असेल त्या प्रदेशांतील पत्रांत येते. आत्याबाईंच्या कंपनीची कचेरी परप्रांतांत असल्यामुळें पुण्यांत ती सूचना कोणाच्याच दृष्टीस पडली नव्हती. तीच सूचना नादारी व दिवाळखोरी मंडळाच्या संकेतस्थळावरही असते, हें लक्षांत ठेवावें. अधिकाऱ्याच्या नेमणुकीपासून १४ दिवसांचे आंत दावा पोंचवावा. उशीर झाल्यास कारण देऊन नव्वद दिवसांपर्यंत, व नव्या योजना मागविण्याची तारीख त्याहून पुढची असल्यास तेथपर्यंत, सवलत मिळते. ठेवीदारास यासाठीं कोर्टफी नाहीं व वकीलही लागत नाहीं. मुद्दल आणि प्रकरण दाखल झाल्याच्या तारखेपर्यंतचें व्याज एवढी रक्कम मांडावयाची असते. त्यापुढील व्याज धरलें जात नाहीं.

ही मुदत चुकविणें किती महाग पडतें तें १३ एप्रिल २०२१ च्या एका निकालावरून कळतें. कंपनीच्या पुनर्रचनेची योजना एकदां मंजूर झाली म्हणजे त्या योजनेंत ज्यांची नोंद नाहीं तीं सर्व येणीं नष्ट झालीं असें समजावें, असा सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय आहे. सरकारी करांचीं येणींसुद्धां त्यांतून सुटलीं नाहींत. मग एका निवृत्त शिक्षिकेचे आठ लाख कोठून सुटतील?

एक गोष्ट आणखी. ‘आपणच कंपनीस न्यायाधिकरणापुढें ओढूं’ असें कित्येकांस वाटतें. पूर्वीं एक लाखाची थकबाकी त्यास पुरत असे. २४ मार्च २०२० पासून ही मर्यादा एक कोटि रुपयांची झाली आहे. त्यामुळें एकट्यादुकट्या ठेवीदारास ती पायरी बहुधा चढतां येत नाहीं. बहुधा दुसऱ्या कोणीं आरंभिलेल्या प्रकरणांत आपलें येणें वेळेवर नोंदविणें एवढेंच त्याच्या हातीं असतें.

दावा नोंदल्यानंतर सर्व पैसे मिळतात काय? या प्रश्नाचें उत्तर गोड करून सांगणें हा वाचकांशीं अप्रामाणिकपणा होईल. दिवाण हाउसिंग फायनान्स कॉर्पोरेशन या मुंबईच्या कंपनीचें प्रकरण या दृष्टीनें अभ्यसनीय आहे, कारण तींत अनेक मध्यमवर्गीय घरांच्या ठेवी होत्या. जून २०१९ मध्यें कंपनीचे रोख्यांवरील व्याजाचे हप्ते चुकले. जुलैंत बँकांनीं आपसांत करार करून खासगी फेरमांडणीचा प्रयत्न आरंभिला. त्या कराराबाहेर राहिलेल्या एका म्युच्युअल फंडाच्या व्यवस्थापक कंपनीनें मुंबई उच्च न्यायालयांत दावा लावला, आणि सप्टेंबरअखेर न्यायालयानें कंपनीच्या धनकोंस पैसे देण्यावर निर्बंध घातला. त्याचा परिणाम असा झाला कीं ऑक्टोबरपासून मुदतठेवींचीही परतफेड थांबली. एका धनकोनें आपल्या रास्त येण्याकरितां लावलेली फिर्याद हजारों ठेवीदारांच्या दारांत येऊन उभी राहिली, ती अशी.

पुढें २० नोव्हेंबर २०१९ रोजीं रिझर्व्ह बँकेनें संचालक मंडळ बरखास्त करून प्रशासक नेमला, आणि ३ डिसेंबरास न्यायाधिकरणानें प्रकरण दाखल करून घेतलें. संहितेखालीं आलेली ही पहिलीच वित्तीय कंपनी. मान्य झालेलीं येणीं सुमारें ८७,००० कोटि रुपयांचीं होतीं. त्यांत मुदतठेवी ५,४०० कोटींच्या आंतच. धनकोंच्या समितींत मत रकमेच्या प्रमाणांत असतें, व योजना मंजूर होण्यास शेंकडा ६६ मतें पुरतात. ठेवीदारांचा वांटा शेंकडा सहांच्या आसपास; म्हणजे घरांत सर्वांत गरजू जो, त्याचाच शब्द पंक्तींत सर्वांत हलका. जून २०२१ मध्यें न्यायाधिकरणानें पिरामल समूहाची योजना मान्य केली, आणि सप्टेंबरांत रोख व रोखे मिळून सुमारें ३४,२५० कोटि रुपये चुकते करण्यांत आले. अगदीं लहान ठेवी सोडल्या तर मुदतठेवीदारांच्या पदरीं रुपयास सुमारें २३ पैसे पडले.

ह्या वांटणीविरुद्ध अपिलें झालीं. २०२२ सालीं अपील न्यायाधिकरणानें एका मुद्द्यापुरती योजना धनकोंच्या समितीकडे फेरविचारार्थ पाठविली. परंतु १ एप्रिल २०२५ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें तो निर्णय फिरवून योजना कायम केली. पैशाची वांटणी कशी करावी हें धनकोंच्या समितीच्या व्यापारी विवेकाचें काम आहे, न्यायालयाचें नव्हे, हें तत्त्व आतां दृढ झालें आहे. तें न्याय्य आहे काय, हा वाद मला येथें मिटवितां येणार नाहीं. ज्यानें धंद्याचें गणित करून कर्ज दिलें आणि जिनें म्हातारपणची भाकरी म्हणून पैसे ठेवले, त्या दोघांस एकाच तागडींत तोलणें मनास खुपतें. पण ठेवीदारानें आपली पावलें आजच्या कायद्याकडे पाहूनच टाकिलीं पाहिजेत.

योजना कोणाचीच मंजूर झाली नाहीं तर कंपनी विसर्जित होते. त्या वेळीं क्रम ठरलेला असतो. आधीं कारवाईचा खर्च. मग कामगारांचें दोन वर्षांचें वेतन व तारणवाले धनको. मग इतर नोकरांचें एक वर्षाचें वेतन. आणि त्यानंतर विनातारण कर्जें, ज्यांत आपल्यासारख्यांच्या ठेवी मोडतात. सरकारी देणीं त्याच्याही मागें, व भागधारक सर्वांत शेवटीं.

तथापि कोर्टाचीं सर्वच दारें बंद होत नाहींत. कंपनीच्या कर्जास जो मनुष्य व्यक्तिशः जामीन राहिला, त्यास कलम १४ ची स्थगिती संरक्षण देत नाहीं. आणि योजना मंजूर झाली एवढ्यानेंच तो मोकळाही होत नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें मे २०२१ मध्यें स्पष्ट केलें. (ही गोष्ट उलट बाजूनेंही ध्यानांत धरावी. आपल्याच घरांतील कोणी मित्राच्या कंपनीस जामीन राहण्याच्या विचारांत असेल तर हें वाक्य त्यास दोनदां वाचावयास द्यावें.) तसेंच कंपनीचा धनादेश न वटल्यास कंपनीविरुद्धचा फौजदारी खटला स्थगितींत थांबतो, परंतु धनादेशावर सही करणारे व कारभारास जबाबदार असणारे संचालक यांच्याविरुद्धचा चालूं शकतो, असा मार्च २०२१ चा निकाल आहे. आणि स्थगितीमुळें जेथें दावा लावतां येत नाहीं, तेथें तो काळ मुदतीच्या कायद्यांत मोजला जात नाहीं. म्हणून घाईघाईनें फिर्याद ठोकण्याचें कारण उरत नाहीं.

या सर्वांतून घरच्या कर्त्या मंडळींनीं घ्यावयाचा बोध थोडक्यांत असा. कंपनी अडचणींत आल्याची कुणकुण लागतांच प्रथम ती कोणत्या वाटेवर आहे तें पाहावें. केवळ वाटाघाटी चालल्या असतील तर वकिलास विचारून दाव्याचा विचार अवश्य करावा. प्रकरण न्यायाधिकरणांत दाखल झालें असेल तर फिर्यादीची भाषा सोडून मुदतीची भाषा धरावी. आणि त्याहून आधींची गोष्ट म्हणजे ठेव ठेवतांनाच अधिक व्याज कशाचें मिळतें हें समजून घ्यावें. बँकेंतील ठेवीस ४ फेब्रुवारी २०२० पासून पांच लाखांपर्यंत विम्याचें संरक्षण आहे. कंपनीच्या ठेवीस तसला विमा नाहीं. तो दीड टक्का म्हणजे बक्षीस नव्हे; आपण पत्करलेल्या धोक्याची ती मजुरी आहे.

आत्याबाईंच्या प्रकरणाचा शेवट सांगावयाचा राहिला. २२ महिन्यांनीं कंपनी नव्या मालकाच्या हातीं गेली, व आत्याबाईंच्या खात्यांत त्यांच्या येण्याच्या तिसऱ्या हिश्श्याहून किंचित् अधिक रक्कम जमा झाली. त्या दिवशीं त्यांनीं दोघांही पुतण्यांस जवळ बसवून घेतलें. “ह्यानें वाट दाखविली, पण सही माझी होती; आणि तूं कोर्टांत गेलास तो माझ्या मायेनें. गेले त्यांचा हिशेब मी मिटविला. आतां तुमच्यांतला तुम्ही मिटवा,” एवढेंच त्या बोलल्या. थोरला उठून धाकट्याच्या खोलींत गेला. तेथें काय बोलणें झालें तें मला ठाऊक नाहीं. परंतु दुसऱ्या दिवसापासून सकाळचा चहा दोघे पुन्हा एकत्र घेऊं लागले, असें सूनबाईनें सांगितलें.

त्या घरांत आतां एक वही ठेवली आहे. तींत प्रत्येकाच्या ठेवी, पावतीचा क्रमांक, मुदत, नामनिर्देशन, आणि कंपनी असल्यास तिची नोंदणीकृत कचेरी कोठें आहे, हें सर्व लिहिलेलें असतें. व ती वही घरांतील निदान दोघांस तरी वाचतां येते. येत्या पाडव्यास वहीपूजन करतांना आपल्या घरीं अशी वही आहे कीं नाहीं तें वाचकांनीं अवश्य पाहावें, आणि नसल्यास त्याच दिवशीं तिचें पहिलें पान लिहावें.